शून्याच्या घरातली कवडी

“खुणा चालणार नाहीत. डोळे मिचकावायचे नाहीत, खाकरायचं नाही, बांगड्या वाजवायच्या नाहीत,” असं म्हणत आत्यानं पितळी डबा पाटावर उपडा केला. कवड्या खळखळत पसरल्या. “आणि वैजू, तुझं काम झालं की तू सरळ स्वयंपाकघरात जायचंस. दार ओढून घ्यायचंस. मगच ते आत येतील.”

‘ते’ म्हणजे रघुवीर लाटकर. बाहेर व्हरांड्यात इस्त्रीचा शर्ट घालून उभा होता आणि आत्याच्या दारावरची पाटी पुन्हा पुन्हा वाचत होता. पाटीवर लिहिलं होतं, ‘वधुवर सूचक केंद्र. पादत्राणे बाहेर काढावीत.’ त्यानं बूट तर काढले होतेच, घाबरून मोजेही काढून खिशात कोंबले होते.

ही कराडची गोष्ट. आत्या म्हणजे माझ्या वडिलांची थोरली बहीण. तिनं कराडात आणि आसपासच्या गावांत इतकी लग्नं जमवली होती की मंडईत गेली की लवकर परतच यायची नाही. दर चार गाळ्यांमागे तिनं जमवलेलं एखादं जोडपं भेटायचं आणि तिला चहा पाजल्याशिवाय सोडायचं नाही. आणि अशा बाईची सख्खी भाची कोल्हापूरहून येऊन सांगते, माझं मी जमवलंय!

“लोक काय म्हणतील गं?” आत्या म्हणाली होती. “साऱ्या गावाची जमवते आणि घरातली पोरगी हातची गेली! माझी पाटी काढून बंबात घाल आता.”

बाबांनी हात वर केले. “आक्का म्हणेल तसं,” एवढंच ते बोलले. आक्कानं तर साताऱ्याचा एक दंतवैद्य हेरून ठेवला होता. रविवारी तो आईवडिलांना घेऊन मला बघायला येणार होता. फोटोत त्याचे दात फार सुंदर होते, खोटं कशाला बोलू?

मी भांडले, रडले, जेवण सोडलं. जेवण एकच वेळ सोडलं, कारण रात्री आत्यानं भरली वांगी केली होती. शेवटी नाक पुसत म्हणाले, “आत्या, आमची मनं जुळलीयत गं!”

“मनं जुळलीयत?” आत्यानं दिवाणाकडे बोट केलं. “असं म्हणणारी ढीगभर पोरं या दिवाणावर बसून गेलीत. पुरावा काय?”

पुरावा! हा शब्द गणितवाल्यांसमोर उच्चारू नये. आम्ही दोघं विद्यापीठात गणितातच पीएच.डी. करत होतो. माझा विषय गुप्त निरोपांचा: निरोप शत्रूच्या हाती पडला तरी त्याला काडीचा उलगडा होऊ नये. रघुवीरचा विषय बिघडलेल्या निरोपांचा: वाटेत चार अक्षरं खराब झाली तरी मूळ निरोप परत मिळावा. आणि आमचे गाईड आयुष्यभर एकच मोजत आलेले, अमुक वस्तू किती तऱ्हांनी मांडता येतात. सर म्हणायचे, “अरे, आपण तिघं एकाच शेतात तीन बांधांवरून शिरतोय.” त्या शेतात मी आणि रघुवीर इतक्या वेळा समोरासमोर आलो की व्हायचं ते झालं.

तर पुरावा म्हटल्यावर मी ताडकन उठले आणि आतून आत्याचा कवड्यांचा डबा आणला.

“आत्या, पाटावर खडूनं सोळा घरं आख. चार ओळींत चार-चार. प्रत्येक घरात एक कवडी. कुठली उताणी, कुठली पालथी, तुझ्या मनाला येईल तशी. मग एका घरावर बोट ठेव, ते फक्त मी बघीन. त्यानंतर मी एक कवडी उलटीन. एकच! आणि आत निघून जाईन. रघुवीर बाहेरून येईल, पाट बघेल आणि तुझं बोट कुठं होतं ते सांगेल.”

“नुसतं बघून?”

“नुसतं बघून.”

“आणि तू उलटलेली कवडी कुठली, हे त्याला कसं कळणार?”

“ते त्याला कळायची गरजच नाही!”

आत्याचे डोळे लकाकले. तिला खेळ म्हटला की राहवत नसे. “जमलं तर?”

“तर साताऱ्याला फोन करायचा, येऊ नका म्हणून.”

“आणि नाही जमलं?”

“तर रविवारी नऊवारी नेसून पोहे घेऊन मी स्वतः बाहेर येईन. दंतवैद्याला गाणंही म्हणून दाखवीन.”

“गाणं नको. चांगलं स्थळ आहे,” आतोबा म्हणाले.

आतोबा म्हणजे आत्याचे यजमान. एसटीतून निवृत्त झालेले, मऊ आवाजाचे गृहस्थ. दोघं रोज दुपारी सारीपाट खेळत आणि रोज आत्या जिंके. का जिंके, ते साऱ्या घराला माहीत होतं. कवड्या टाकून झाल्या की पदर सावरता सावरता तिची करंगळी एखाद्या कवडीला हलकेच लागायची आणि पालथी कवडी उताणी व्हायची. आतोबा चष्मा वर करून पाटाकडे बघत आणि म्हणत, “वारा आला वाटतं.” मग खिडक्या बंद का असेनात. मला लहानपणी त्यांचा फार राग यायचा. इतका कसा हा माणूस बावळट, असं वाटायचं.

मी कोल्हापूरला परत गेले आणि कँटीनमध्ये रघुवीरला सगळं सांगितलं. तो मिसळ खायचा थांबला.

“तू माझं लग्न कवड्यांवर लावलंस?”

“आपलं लग्न. आणि युक्ती पक्की आहे, तुला माहितीये.”

युक्ती खरंच पक्की आहे. कुणीही करून बघावी. सोळा घरांत आठ-आठ घरांच्या चार टोळ्या पाडायच्या. उजवीकडची आठ ही एक, खालची आठ ही दुसरी, दुसऱ्या आणि चौथ्या उभ्या ओळींतली आठ ही तिसरी, दुसऱ्या आणि चौथ्या आडव्या ओळींतली आठ ही चौथी. प्रत्येक टोळीत उताण्या कवड्या सम आहेत की विषम, एवढंच बघायचं. चार टोळ्यांची चार उत्तरं मिळाली की सोळांतलं एकच घर ठरतं. आणि गंमत अशी, की ज्या टोळ्यांचा हिशेब बदलायचा असेल, नेमक्या त्याच टोळ्यांत बसणारी कवडी पाटावर एक असते आणि एकच असते. ती शोधायची आणि उलटायची. काहीच बदलायला नको असेल तर? तर वरची डावी कोपऱ्यातली उलटायची. ती कुठल्याच टोळीत नाही. म्हणून आम्ही तिला शून्य नंबरचं घर म्हणायचो.

रघुवीर म्हणाला, “एक अट घाल. आत्याबाईंनी आठ उताण्या, आठ पालथ्या मांडायच्या.”

“कशाला? युक्तीला त्याची काही गरज नाही.”

“माहितीये. तरी असू दे. जरा जास्तीचं काहीतरी असावं.”

“कोणासाठी असावं? आत्यानं बोट ठेवलं, मी कवडी उलटली, विषय संपला!”

“वैजू, तुझ्या शत्रूला अक्कल असते. तो काय करील याचा तू विचार करतेस. माझा शत्रू बिनअकलेचा असतो. पाखरू येतं, फरशी हादरते, कुणाचा पाय लागतो. त्याच्यासाठी थोडं जास्तीचं ठेवावंच लागतं.”

मला ते अगदीच घाबरटपणाचं वाटलं. पण त्याच्या कपाळावर घाम बघून मी म्हटलं, बरं बाबा, आठ तर आठ.

तर असा तो पाट. आत्यानं आठ उताण्या, आठ पालथ्या कवड्या घरांत मांडल्या. मग रघुवीरला दिसू नये म्हणून पदर आडवा धरून तिसऱ्या ओळीतल्या दुसऱ्या कवडीवर बोट ठेवलं. मी मनात टोळ्या मोजल्या, एक कवडी उलटली आणि स्वयंपाकघरात पळाले. दार ओढलं, पण फट राहिलीच. ती फट मी बुजवली नाही.

रघुवीर आत आला. आत्यानं त्याला पाटासमोर बसवलं. त्यानं पाहिलं, ओठ हलवले, आणि त्याचा चेहरा असा उजळला की मला दाराआड नाचावंसं वाटलं.

“नऊ नंबरची,” तो म्हणाला.

आत्यानं बोट ठेवून मोजायला सुरुवात केली. “एक, दोन, तीन...” नऊवर तिचं बोट थांबलं आणि ती टाळी वाजवून ओरडली, “चुकलं! शेजारची होती!”

मी दार ढकलून बाहेर आले. “चुकलं नाही! तो शून्यापासून मोजतो!”

“शून्यापासून कोण मोजतं?”

“आम्ही सगळे मोजतो!”

“पंगतीला पानं वाढताना पहिल्या पानाला काय शून्यावं पान म्हणता का तुम्ही?”

“आत्याबाई, चूक माझीच,” रघुवीर गडबडून उभा राहिला. “सांगायला हवं होतं. बोट दाखवायला हवं होतं.” त्यानं बरोबर कवडीवर बोट ठेवलं. “हीच ना?”

“हो, हीच होती की गं,” आतोबा म्हणाले.

“तुम्ही गप्प बसा! सांगितलं का नाही आधी चुकीचं?” आत्या फुरफुरली. पण ती मनातून हादरली होती. पाटाकडे नव्यानं बघत होती. “बरं. एकदा आणखी. ही शेवटची. या खेपेला बोट दाखवायचं, आकडे नकोत.” मग तिनं वरच्या कोपऱ्यातली कवडी टिचकीनं हलवली. “आणि हिला शून्य म्हणता होय? का?”

रघुवीरचा स्वभावच असा की विचारलं की तो सांगतो. “ती कुठल्याच गणतीत येत नाही, आत्याबाई. तिला उलटलं काय, न उलटलं काय, उत्तरात फरक पडत नाही.”

मी कपाळावर हात मारला. पद्धत सांगून टाकली समोरच्याला! अर्थात आमच्या गुप्त निरोपांच्या गणितात पहिला नियमच हा आहे की पद्धत शत्रूला माहीत आहे असं धरूनच चालायचं. पण नियम निराळा आणि माझी आत्या निराळी.

“मंगल कार्यात पहिली सुपारी गणपतीची,” आत्या म्हणाली. “आणि तुमच्यात पहिल्याला किंमत नाही म्हणे.”

रघुवीर पुन्हा व्हरांड्यात गेला. आत्यानं दार लावलं, खिडक्या लावल्या, पंखाही बंद केला. पुन्हा आठ उताण्या, आठ पालथ्या मांडल्या. या वेळी तिनं किती वेळ घेतला, देवा! शेवटी दुसऱ्या ओळीतल्या तिसऱ्या घरावर बोट ठेवलं. मी मोजलं. पुन्हा मोजलं. एक कवडी उलटली आणि पाठ फिरवली.

“जा आत. आणि या खेपेला फट नको,” आत्या म्हणाली.

मी फट ठेवली. पण आधी जरा वेळ दार घट्ट ओढून धरलं, तिला बरं वाटावं म्हणून. त्या वेळात मला बाहेरून एकच ऐकू आलं. आतोबांना खोकला आला.

फट उघडली तेव्हा रघुवीर पाटासमोर मांडी घालून बसला होता. त्यानं टोळ्या मोजल्या. मला कळत होतं, कारण मोजताना त्याचा अंगठा बोटांच्या पेरांवर फिरायचा. मोजून झालं. आता तो बोट दाखवणार, आता दाखवणार! पण तो पाटाकडे बघतच राहिला. मग पुन्हा पहिल्यापासून मोजायला लागला, या वेळी सगळ्याच कवड्या.

“काय झालं?” आत्यानं विचारलं.

“आठ आहेत.”

“काय आठ?”

“उताण्या. आठच आहेत, आत्याबाई. आठ नकोत. तुम्ही आठ मांडल्या, वैजूनं एक उलटली, म्हणजे सात हव्यात नाहीतर नऊ.”

त्याचं ते ‘जास्तीचं काहीतरी’!

“ते काय ते मला कळत नाही,” आत्या म्हणाली. “घर दाखवायचं ठरलंय. घर दाखवा.”

“घर येतंय माझ्या हिशेबात. पण त्याचा भरवसा नाही. या पाटावर एकतर दोन कवड्या उलटल्यात, नाहीतर एकही नाही.”

“एकही नाही?” आत्याचा आवाज असा गोड झाला की मला धडकी भरली. “म्हणजे आमची वैजू विसरली म्हणा ना. असेल हो. मुलखाची वेंधळी आहे ती. मागच्या खेपेला आली तेव्हा गॅसवर दूध ठेवून गच्चीवर जाऊन बसली. पातेलं अजून काळं आहे, दाखवू?”

आणि मला घाम फुटला. मी उलटली होती ना? दोनदा मोजल्याचं आठवत होतं. कवडी उचललेली आठवत होती. पण ठेवताना पालथीच परत ठेवली असेल तर? पातेल्याचं तर खरंच होतं. दाराआड उभी राहून मी माझेच हात उलटेसुलटे करून बघत होते.

“नाही,” रघुवीर म्हणाला. “ती विसरलेली नाही.”

“तुमच्या गणितात तसं निघतं का?”

“नाही निघत. गणित एवढंच सांगतं की दोन किंवा शून्य. पुढचं मी सांगतो. वैजूनं एकच उलटली आणि बरोबर तीच उलटली.”

“म्हणजे दुसरी कुणी उलटली? इथं मी होते आणि हे होते.”

“मी काही बघितलं नाही,” आतोबा म्हणाले. त्यांना कुणी काही विचारलं नव्हतं.

रघुवीरचे कान लाल झाले. समोर बसलेली बाई होणाऱ्या बायकोची आत्या, तिच्या घरात, तिच्या पाटावर. तो इकडेतिकडे बघायला लागला. “मांजर वगैरे...”

“आमच्याकडे मांजर नाही.”

“मग तुमचा पदर लागला असेल चुकून.”

“खोचलेला आहे मघापासून.”

रघुवीरनं बंद खिडकीकडे पाहिलं, बंद दाराकडे पाहिलं, बंद पंख्याकडे पाहिलं.

“मग वारा आला असेल,” तो म्हणाला.

आतोबांनी चष्मा वर करून आत्याकडे पाहिलं. आत्यानं खोचलेला पदर उगीचच पुन्हा खोचला. “हे बघा, मला उगीच कोड्यात घालू नका. तुमच्या हिशेबात एक घर येतंय म्हणालात. दाखवा ते. बरोबर निघालं तर मी साताऱ्याला नाही म्हणून कळवते. काय जातंय तुमचं?”

दाखव! मी दाराआड मुठी आवळल्या. दाखव रे बाबा, कुठलंही दाखव! निदान एक संधी तरी घे! त्या दंतवैद्याचे दात माझ्या डोळ्यांसमोर नाचायला लागले.

“दाखवलं तर तो अंदाज होईल,” रघुवीर म्हणाला. “आम्ही म्हटलं होतं, कळेल. मला कळलेलं नाही. कळल्यासारखं करून वैजूला मागून नेऊ का मी? हरलो म्हणा, आत्याबाई. पण ती चुकली असं मात्र नका म्हणू.”

मला त्या क्षणी त्याला धरून गदागदा हलवावंसं वाटलं आणि त्याच्या गळ्यात पडून रडावंसंही वाटलं. दोन्ही अगदी एकाच वेळी. असा कसा हा माणूस! मिसळीत पाव बुडवताना चार वेळा विचार करतो, आणि इथं अख्खं लग्न सोडून द्यायला क्षण लावत नाही!

आत्या उठली. गुडघ्यावर हात टेकत, सावकाश. टेलिफोन कोपऱ्यातल्या तिपाईवर होता. तिनं चष्मा लावला आणि आकडे फिरवले. मी डोळे मिटून घेतले. रविवारी किती पोहे भिजवायचे, माझ्या मनात हेच यायला लागलं.

“हॅलो, साताऱ्याहून डॉक्टरांच्या आई का? हो, मीच कराडहून. अहो, रविवारी येऊ नका. नाही, नाही, तुमच्यात काही कमी नाही, दात तर काय सुरेख! मुलीचं जमलंय. हो ना, अचानकच. मीच जमवलं. तुमच्या मुलासाठी माझ्याकडे उंब्रजची एक मुलगी आहे, तिचं हसणं असं आहे म्हणून सांगू...”

मी दार सताड उघडून बाहेर आले. रघुवीर पाटासमोर तोंड उघडं टाकून बसला होता. आतोबा धोतराच्या सोग्यानं चष्मा पुसत होते आणि त्यांचे खांदे हलत होते. आधी मला वाटलं रडतायत. हसत होते.

आत्यानं फोन ठेवला. “बघतोयस काय असा?” ती रघुवीरला म्हणाली. “मी उलटली. माझ्या या हातानं. ही बघ.” आणि तिनं वरच्या डाव्या कोपऱ्यातल्या कवडीवर बोट टेकवलं.

“शून्याची?” मी किंचाळले.

“गणपतीची,” आत्या म्हणाली. “किंमत नाही म्हणत होता ना तिला? म्हटलं बघू.”

रघुवीर एकदम गुडघ्यांवर आला. “थांबा, थांबा. ही उलटली? फक्त ही? मग माझं उत्तर... अहो, मग माझं उत्तर बरोबर होतं!” त्यानं दुसऱ्या ओळीतल्या तिसऱ्या कवडीवर बोट ठेवलं. “हे होतं ना?”

“तेच!” आतोबा दिवाणावरून उठलेच. “तेच होतं! मी बघत होतो! सगळं बघत होतो मी!”

“मघाशी तर काही बघितलं नव्हतंत!” आत्या म्हणाली.

मग जे हसू फुटलं, ते काही केल्या आवरेना. रघुवीर हसत होता, पाट हातात घेऊन “बरोबर होतं, बरोबर होतं” म्हणत होता, कवड्या घरंगळून सगळ्या खोलीभर झाल्या. आत्या हसता हसता खाली बसली आणि त्याच्या पाठीत तिनं एक धपाटा घातला. “अरे वेड्या, हातात बरोबर उत्तर असून हरलास की रे! नुसतं बोट पुढं केलं असतंस तरी भागलं असतं!”

“पण मला माहीत नव्हतं ना, आत्या,” तो म्हणाला. आत्याबाईची आत्या झाली होती, आणि ते कुणाच्या लक्षातही आलं नाही.

संध्याकाळी मी आणि आत्या स्वयंपाकघरात पुऱ्या तळत होतो. बाहेर आतोबा रघुवीरला सारीपाट शिकवत होते. मी विचारलं, “आत्या, तो तर हरला. मग तू साताऱ्याला नकार का दिलास?”

आत्यानं पुरी तेलात सोडली. पुरी टम्म फुगली तेव्हा आत्या बोलली.

“कवडीसाठी कोण बसलं होतं गं? मला तो खेळ अजून कळलेला नाही. मी एवढंच बघत होते, की बिनसलं तर हा कुणाकडे बोट दाखवतो. आमटी खारट झाली की पुरुषाची मान आधी कुठं वळते, ते बघून मी लग्नं जमवते. मी तर तुला पुढं करून दिलं, पातेल्यासकट. तरी नाही म्हणाला.” तिनं झारा निथळला. “आणि मग म्हणतो कसा, वारा आला असेल.”

बाहेरून कवड्यांचा खळखळाट आला.

“लग्न झाल्यापासून हे म्हणतायत मला,” ती म्हणाली. “वारा आला वाटतं. मला काय कळत नाही, ह्यांना दिसतं ते? पहिल्या दिवसापासून दिसतं. तोंडातून एकदा शब्द काढला नाही या माणसानं. मी उलटत राहते, कधी काढतायत का बघायला.” तिनं पदरानं डोळे पुसले आणि धूर झालाय म्हणाली. धूर कसला, गॅस होता. “असा माणूस मला वाटलं एकच असतो. तुला दुसरा सापडला. मी आणखी काय शोधणार होते तुझ्यासाठी?”

लग्न झालं. आत्यानं साऱ्या कराडला सांगितलं की स्थळ तिनंच शोधलं, आणि आम्ही दोघांनी सगळीकडे मान डोलावली. उंब्रजच्या मुलीचं आणि दंतवैद्याचंही जमलं. आहेरात आत्यानं मला तो पितळी डबा दिला, सोळाच्या सोळा कवड्यांसकट.

आता त्याला पुष्कळ वर्षं झाली. मी वर्गात हा खेळ शिकवते. कुणीतरी हुशार पोर विचारतंच, “मॅडम, आठ-आठ कशाला? त्याच्याशिवायही जमतं की.” मी म्हणते, जमतं बाळा, पण जरा जास्तीचं काहीतरी असावं.

रविवारी दुपारी मी आणि रघुवीर सारीपाट मांडतो. तो कवड्या टाकतो, मोजतो. मोजल्याशिवाय त्याला राहवतच नाही, दर खेपेला मोजतो. मग मी पदर सावरते. माझी करंगळी हलकेच एका कवडीला लागते. तो चष्मा वर करतो, पुन्हा मोजतो, बंद खिडकीकडे बघतो.

“वारा आला वाटतं,” तो म्हणतो.

आणि मी जिंकते.